उशीर झाला, माफ करा! (हे वाक्य फक्त सरकारने म्हणायचं)

३९६६ दिवस. हा आकडा आधी नीट वाचा. वर्षांत मोजायचा तर जवळजवळ अकरा वर्षं. एवढ्या काळात पहिलीला गेलेलं पोरगं बारावीत पोचतं, आणि आपल्यातले बरेचजण तीन कंपन्या बदलून मॅनेजर होतात. कर्नाटक हाउसिंग बोर्डाला एवढा वेळ लागला एक अपील दाखल करायला. जमीन ज्यांची, त्यांच्या बाजूने २००६ साली निकाल लागला होता. बोर्डाने त्या जागेवर बांधकाम करून टाकलेलं असल्यामुळे जमीन परत मिळणार नव्हती, त्याऐवजी मोबदला मिळणार होता. बोर्ड गप्प. पैसे नाहीत आणि अपीलही नाही. मग ३९६६ दिवसांच्या उशिराने ते उच्च न्यायालयात गेले आणि म्हणाले, जरा उशीर झालाय, चालवून घ्या. आणि उच्च न्यायालयाने चालवून घेतलं! हे चुकीचं होतं हे ठरायला सप्टेंबर २०२५ उजाडावा लागला. सर्वोच्च न्यायालयाने तो माफीचा आदेश रद्द केला आणि बोर्डाला २५ हजारांचा दंड केला. मूळ जमीनमालकीण तोवर हयात नव्हती, खटल्यात वारस होते.

अकरा वर्षांचे २५ हजार. म्हणजे दिवसाला साधारण सहा रुपये तीस पैसे. कटिंग चहासुद्धा येत नाही त्यात.

आता तुम्ही म्हणाल, हे एखादं टोकाचं उदाहरण असेल. नाही हो. आकडा टोकाचा आहे, प्रकार रोजचा आहे. भूसंपादनाच्या वाढीव मोबदल्याच्या प्रकरणात सरकारने मुदत संपल्यावर अपील करणं आणि सोबत 'विलंब माफीचा अर्ज' जोडणं हे इतकं सवयीचं झालंय, की वेळेत आलेलं सरकारी अपील दिसलं तर वकीलच दचकत असतील.

आपल्यासारख्या फ्लॅटवाल्या, ईएमआयवाल्या लोकांना या भानगडीची गंधवार्ता नसते, म्हणून थोडं मागे जाऊन सांगतो. (ज्यांच्या घरी सातबारा आहे त्यांनी पुढचे दोन परिच्छेद सोडले तरी चालतील.)

१८९४ चा भूसंपादन कायदा ३१ डिसेंबर २०१३ पर्यंत चालला. आज कोर्टात अडकलेली जुनी प्रकरणं त्याच कायद्याखालची. त्यात कसं व्हायचं, तर कलम ४ ची अधिसूचना निघायची, आणि त्या तारखेचा बाजारभाव हाच तुमच्या जमिनीचा भाव. पुढे गावात काय भाव झाला याच्याशी संबंध नाही. मग संयुक्त मोजणी, नोटिसा, आणि शेवटी विशेष भूसंपादन अधिकाऱ्याचा निवाडा. निवाड्यातला भाव म्हणजे घेणाऱ्याने स्वतः ठरवलेला भाव. मंडईत असा सौदा कुणी करेल का? पण इथे करावाच लागतो, कारण 'नाही विकायची' हा पर्यायच नसतो. भाव पटला नाही तर पैसे हरकत राखून घ्यायचे आणि कलम १८ खाली अर्ज करायचा, की माझं प्रकरण दिवाणी कोर्टाकडे पाठवा. कोर्ट आजूबाजूची खरेदीखतं बघतं, साक्षी घेतं आणि बऱ्याचदा भाव वाढवून देतं. वाढीव रकमेवर ३० टक्के दिलासा रक्कम आणि व्याज.

एवढं सगळं झाल्यावर सरकारला तो भाव जास्त वाटला, तर उच्च न्यायालयात अपील. त्याला मुदत ९० दिवस. निकालाची नक्कल मिळायला लागलेले दिवस त्यातून वजा. तीन महिने पूर्ण, वर नक्कलेचे दिवस. कमी आहेत? आम्हाला तर प्रॉडक्शन बंद पडल्यावर चार तासांत कारण लिहून द्यावं लागतं.

आणि आता खरी मेख. शेतकऱ्याला कलम १८ चा अर्ज करायला किती मुदत होती माहितीये? निवाड्याच्या वेळी हजर असाल तर सहा आठवडे. नसाल तर नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यातलं जे आधी संपेल ते. आणि ही मुदत चुकली, समजा चार दिवसांनी चुकली, तर? तर संपलं. विलंब माफी नाही. कारण असं, की मुदत कायद्याचं कलम ५, म्हणजे 'पुरेसं कारण असेल तर उशीर माफ करता येईल' हे कलम, कोर्टासाठी आहे. आणि हा अर्ज घेणारा कलेक्टर हे कोर्ट नाही. १९९६ साली गुजरातच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितलं. आजारी होतो, नोटीस इंग्रजीत होती, घरात मयत झालं होतं, काहीही सांगा. दार बंद.

म्हणजे एकाच भांडणात दोन पक्ष. एकाकडे कायदा विभाग, प्रत्येक जिल्ह्यात सरकारी वकील, टंकलेखक, शिपाई, गाड्या. त्याची मुदत रबराची. दुसऱ्याकडे एक पिशवी, तिच्यात कागद. त्याची मुदत लोखंडाची. हा उलटा न्याय कुणाला खटकला नाही असं नाही. २०१३ च्या नव्या कायद्यात शेतकऱ्याच्या अर्जाला योग्य कारण असेल तर एक वर्षापर्यंत जास्तीची मुदत देता येते. आणि अपिलाला ६० दिवस, वर फार तर आणखी ६० दिवस असं कलम ७४ मध्ये स्पष्ट लिहिलं. झालं का समाधान? छे! 'फार तर' म्हणजे नक्की किती, त्यापुढेही कलम ५ लावून उशीर माफ होतो का, यावर वेगवेगळ्या उच्च न्यायालयांची वेगवेगळी मतं पडली आणि ते भांडणही दिल्लीला पोचलं. साधं मराठीतलं 'फार तर' कळायला एवढा खटाटोप.

माझ्या वडिलांचे एक चुलतभाऊ आहेत, आम्ही सगळे त्यांना आप्पा म्हणतो. सोलापूर जिल्ह्यात राहतात. त्यांची सव्वादोन एकर जमीन कालव्यात गेली. ताबा १९९७ ला, निवाडा १९९९ ला, कोर्टाचा वाढीव मोबदल्याचा निकाल २००९ ला. अपील आलं २०१२ ला. घरात कॉम्प्युटरवाला मी एकटाच, त्यामुळे दर महिन्याला फोन येतो. "बाळ, आपली तारीख लागली का बघ की जरा." मी मोबाईलवर ई-कोर्ट्सच्या साइटवर नंबर टाकतो आणि सांगतो, "नाही हो आप्पा, पुढे ढकललंय." "बरं बरं," म्हणतात आणि पावसापाण्याचं विचारतात. एकदा फक्त म्हणाले, "सायबांच्या वकिलाला दम लागला असंल, येईल सावकाश." ती विलंब माफीची प्रत मी वाचलीय. निकाल लागला, मग सरकारी वकिलांचं मत मागवलं, मग ते मत एका कार्यालयातून दुसऱ्या कार्यालयात गेलं, मग संबंधित अधिकाऱ्याची बदली झाली, मग निवडणुकीचं काम आलं, मग मंत्रालयातून त्रुटी निघाली, मग कागदपत्रांची जुळवाजुळव, आणि या सगळ्यात 'कोणताही हेतुपुरस्सर निष्काळजीपणा नाही'. प्रत्येक ओळ कर्मणी प्रयोगात! फाईल पाठवण्यात आली, मत मागवण्यात आलं, विलंब झाला. कुणी केला? कर्ताच नाही वाक्यात.

दरम्यान अर्धी रक्कम कोर्टात जमा झाली होती. ती उचलायची तर तारण द्या, ऐपतीचा दाखला आणा. ऐपतीचा दाखला तहसीलमध्ये मिळतो, आणि तो कशावर मिळतो? नावावरच्या जमिनीवर. जी जमीन सरकारने नेली तिचे पैसे घ्यायला, न नेलेली जमीन दाखवा. उलट सरकार अपिलात जातं तेव्हा त्याच्याकडून तारण मागायचं नाही, अशी तरतूद दिवाणी प्रक्रिया संहितेतच आहे (आदेश २७, नियम ८-अ). सरकार बुडणार नाही हे खरं. पण सरकार देणारही नाही, ही शक्यता त्या नियमाच्या लेखकाला सुचली नसावी.

असो. आप्पांचं पुरे. मुळात हे असं झालं कसं ते बघू, कारण ते मजेशीर आहे. म्हणजे दुसऱ्याच्या बाबतीत घडलं असतं तर मजेशीर असतं.

१९८७ साली सर्वोच्च न्यायालयाने 'कलेक्टर, भूसंपादन, अनंतनाग विरुद्ध कातिजी' हा निकाल दिला. विलंब माफीचा कोणताही अर्ज उघडा, त्यात हा निकाल असतोच असतो. सत्यनारायणाच्या पूजेत सुपारी असते तसा. काश्मीरमध्ये मोबदला सुमारे १४ लाखांनी वाढला होता, सरकारने अपील केलं, उच्च न्यायालयाने ते मुदतबाह्य म्हणून फेटाळलं. सर्वोच्च न्यायालय म्हणालं, की तांत्रिक मुद्द्यावर न्याय नाकारू नका. रोजच्या रोज उशिराचा हिशोब मागायचा तर तासातासाचा आणि सेकंदासेकंदाचा का नाही मागत, जरा व्यवहारी व्हा. वाचायला छान आहे तो निकाल, मला पटतोसुद्धा. पण त्यात सरकारला उशीर किती झाला होता? चार दिवस. फक्त चार.

चार दिवसांच्या औषधाची चिठ्ठी दाखवून लोक गेली चाळीस वर्षं चारशे दिवसांचं औषध नेतायत. पुढच्याच वर्षी बंगळूरच्या एका भूसंपादन प्रकरणात कोर्ट म्हणालं, की सरकारी यंत्रणेच्या मर्यादा ध्यानात घ्यायला हव्यात. १९९६ च्या हरयाणाच्या निकालात तर फाईल ढकलणं, शेरे मारणं, जबाबदारी दुसऱ्यावर टाकणं ही सरकारी कामाची पद्धतच आहे असं म्हणून १०९ दिवस माफ झाले. नीट विचार करा यावर. ढिलाई हा दोष आहे असं म्हणून शिक्षा करायची सोडून, ढिलाई हा स्वभाव आहे असं म्हणून सवलत दिली गेली. आमच्याकडे एखादा जण रोज स्टँडअपला उशिरा येतो. त्याला कुणी 'याचा स्वभावच तसा' म्हणून अप्रेझलमध्ये गुण वाढवून देत नाही.

मग कोर्टालाही कंटाळा आला. २०१२ मध्ये टपाल खात्याच्या प्रकरणात ४२७ दिवसांचा उशीर नाकारताना सर्वोच्च न्यायालय म्हणालं, की आता आधुनिक तंत्रज्ञान हाताशी आहे, जुनी रडगाणी पुरे. विलंब माफी हा अपवाद आहे, सरकारी खात्यांनी ती हक्काची धरून चालू नये. २०२० मध्ये मध्य प्रदेश सरकारला ६६३ दिवसांच्या उशिराबद्दल २५ हजारांचा दंड झाला, तोही जबाबदार अधिकाऱ्यांकडून वसूल करा असं सांगून. २०२४ मध्ये पुन्हा मध्य प्रदेश, पाच वर्षं दहा महिने सोळा दिवस, एक लाख दंड. आणि २०२५ चा कर्नाटक तर वर आलाच.

वाटतं ना, की आता सुधारलं? थांबा. मधे २०२३ मध्ये दिल्लीच्या भूसंपादनाच्या मोबदल्याचंच एक प्रकरण होतं. केंद्र सरकारला ४७९ दिवस उशीर. दिल्ली उच्च न्यायालयाने माफ केला, जमीनमालक सर्वोच्च न्यायालयात गेले, आणि सर्वोच्च न्यायालयाने ती माफी कायम ठेवली. म्हणजे ४२७ दिवस चालत नाहीत आणि ४७९ चालतात. आमच्या भाषेत सांगायचं तर टाइमआउट कोडमध्ये लिहिलेला आहे, पण रिक्वेस्ट कुणाकडून आली हे बघून आणि त्या दिवशी सर्व्हरच्या मनात काय आहे हे बघून तो लागू होतो. मग कुठला सरकारी अधिकारी धावपळ करेल? अर्ज टाकून बघायला काही लागत नाही. माफ झाला तर झाला, नाही तर 'आम्ही सर्वोच्च न्यायालयापर्यंत लढलो' असा शिक्का मिळतो.

हा शिक्क्याचा मुद्दा माझा नाही. २०२० च्या त्या मध्य प्रदेशच्या निकालात न्यायमूर्ती कौल यांच्या खंडपीठाने अशा प्रकरणांना 'सर्टिफिकेट केस' असंच नाव दिलंय. कोर्टाने एकदा फेटाळलं की फाईल बंद करता येते आणि कुणा अधिकाऱ्याला कुणी विचारत नाही की बाबा, वेळेत का नाही गेलास.

माझ्या मते सगळ्या रोगाचं मूळ इथे आहे. सरकारी अधिकाऱ्याच्या जागी बसून बघा. निकाल आलाय, भाव वाढलाय. पर्याय एक: 'निकाल योग्य वाटतो, पैसे देऊन टाकू' असा शेरा मारायचा. यात धोका आहे. उद्या ऑडिटवाला विचारेल, परवा कुणीतरी तक्रार करेल की शेतकऱ्याशी संगनमत केलं. पर्याय दोन: 'अपील करणे उचित होईल' असा शेरा मारून फाईल वर सरकवायची. यात धोका शून्य. अपील हरलं तर कोर्टाने हरवलं, व्याज वाढलं तर तिजोरीतून गेलं, आणि तोपर्यंत साहेबांची बदली तिसऱ्या जिल्ह्यात झालेली असते. आपण त्या खुर्चीत असतो तर काय केलं असतं? मला तरी खात्री नाही की मी पहिला शेरा मारला असता. म्हणून एकेका माणसाला आळशी, भ्रष्ट वगैरे म्हणून माझं समाधान होत नाही. 'देऊन टाका' म्हणणाऱ्याला संरक्षण नाही आणि 'लांबवा' म्हणणाऱ्याला शिक्षा नाही अशी ही व्यवस्था आहे. तिच्यातून उशीर नाही तर काय बाहेर पडणार?

केंद्राने २०१० साली राष्ट्रीय वाद धोरण आणलं होतं, तेव्हा वीरप्पा मोईली कायदामंत्री होते. सरकारने 'जबाबदार पक्षकार' व्हायचं, ऊठसूट अपील करायचं नाही, वगैरे. कागदावर झकास. पण खुर्चीतल्या माणसाचं गणित बदललं नाही, त्यामुळे कागद कागदच राहिला.

आता या सगळ्याची किंमत. १८९४ च्या कायद्याप्रमाणे वाढीव रकमेवर ताबा घेतल्यापासून पहिल्या वर्षी ९ टक्के आणि नंतर १५ टक्के सरळव्याज, रक्कम कोर्टात जमा होईपर्यंत. २००१ मध्ये घटनापीठाने हेही ठरवलं की दिलासा रकमेवरसुद्धा व्याज द्यायचं. समजा वाढीव रक्कम १० लाख आहे आणि फाईल ढकलण्यात आठ वर्षं गेली. १५ टक्क्यांनी आठ वर्षांचे १२ लाख. मुद्दलापेक्षा जास्त! हे १२ लाख कुठून जातात? तुमच्या-माझ्या पगारातून कापलेल्या टीडीएसमधून. सार्वजनिक पैसा वाचावा म्हणून उशीर माफ करा, असं सांगणाऱ्या अर्जाने सार्वजनिक पैशाचं केलेलं हे भलं.

"मग शेतकऱ्याचा फायदाच की, १५ टक्के कुठली बँक देते?" असं माझा एक कलीग म्हणाला. अगदी मनापासून म्हणाला, एसआयपीवाला माणूस आहे. त्याला विचारलं, तुझा फ्लॅट आज काढून घेतो, १९९७ चा भाव ठरवतो, त्यावर सरळव्याज देतो, पण पैसे कधी देणार ते सांगत नाही. घेतोस? जमीन गेल्यावर त्या माणसाने दुसरी जमीन घ्यायची ती आजच्या भावाने, मुलीचं लग्न करायचं ते सावकाराच्या व्याजाने, आणि सावकार काही सरळव्याज लावत नाही. शिवाय पैसे कोर्टात जमा झाले की कायद्याचं व्याज थांबतं. ते हातात पडतात की नाही याच्याशी त्या कलमाला देणंघेणं नाही.

आणखी एक गोष्ट शहरात कुणाला माहीत नसते. कलम २८-अ. गावातल्या एकाने कोर्टात जाऊन भाव वाढवून आणला, तर त्याच अधिसूचनेतले बाकीचे लोक, ज्यांची कोर्टात जायची ऐपत नव्हती, ते तीन महिन्यांच्या आत कलेक्टरकडे अर्ज करून तोच भाव मागू शकतात. चांगलं कलम आहे, गरिबासाठीच केलेलं. पण पहिल्याच्या निकालावर अपील गेलं की बाकीच्यांचे अर्ज कपाटात. म्हणजे सरकार एका आप्पाला उशीर करतं तेव्हा आख्खी शिवारं थांबलेली असतात. आणि यांचे तीन महिने मात्र तीन महिनेच हं, तिथे रबर नाही.

शेवटी लोक काय करतात? दरखास्त लावतात आणि जप्ती आणतात. पेपरात अधूनमधून फोटो येतो, बेलीफ कलेक्टर कचेरीतल्या खुर्च्या, पंखे, गाडी जप्त करायला आलाय. आपण हसतो, फॉरवर्ड करतो. २०१७ मध्ये लुधियानाच्या कोर्टाने रेल्वेच्या भूसंपादनाचा मोबदला थकला म्हणून शताब्दी एक्स्प्रेसच जप्त करायचा आदेश दिला होता. विनोदी वाटतं खरं, पण कोर्टाचा हुकूमनामा हातात असलेल्या माणसाला आपल्याच सरकारची खुर्ची उचलून न्यावी लागते, यात हसण्यासारखं काय आहे मला कळत नाही. आणि गंमत म्हणजे, बरीच अपिलं जागी होतात ती नेमकी ही जप्ती दारात आल्यावर! इतकी वर्षं सापडत नसलेली फाईल बेलीफ दिसला की सापडते.

आता दोन आक्षेप. पहिला, 'गुंठामंत्री'. पुण्यात राहणाऱ्या कुणाशीही हा विषय काढा, पाच मिनिटांत गळ्यातली चेन आणि पांढरी फॉर्च्युनर येते. अरे बाबांनो, चेनवाल्याने जमीन बिल्डरला विकली, आपल्या भावाने, आपल्या मर्जीने. कालव्यात, धरणात, रस्त्यात जिरायत गेलेला माणूस वेगळा. आणि समजा नसला वेगळा, तरी श्रीमंत माणसाचंही देणं वेळेत द्यायचं असतं. तुमचा पगार, तुमच्याकडे आधीच बरंच आहे म्हणून, दहा वर्षं लांबवला तर?

दुसरा आक्षेप जास्त गंभीर आहे, म्हणून त्याला उत्तर द्यायला हवं. कधीकधी मोबदला खरोखर भरमसाट वाढवलेला असतो, खोटी खरेदीखतं दाखवलेली असतात, आणि सरकारी बाजूचाच कुणीतरी मुद्दाम मुदत घालवतो. अशा वेळी दार बंद केलं तर चोराचं फावेल. मान्य. पण मग त्या चोराला पकडा ना! अर्जात लिहा, की अमुक अधिकाऱ्याने, अमुक वकिलाने मुदत घालवली, त्याच्यावर अमुक तारखेला कारवाई सुरू केली. असं लिहिलेला अर्ज मी तरी बघितलेला नाही. खोटेपणा झाला असेल तर उशीर माफ करायला माझी ना नाही. 'फाईल फिरत होती' हे मात्र कारण म्हणून चालणार नाही.

आणि हो, शेतकऱ्यांचाही उशीर कोर्टं माफ करतात, हे खरं आहे. २०१७ च्या एका निकालात जमीनमालकांचा ३६७१ दिवसांचा उशीर माफ झाला. पण अट काय होती? उशिराच्या काळातलं व्याज मिळणार नाही. २०१४ मध्ये हरयाणातल्या जमीनमालकांचा दहा वर्षांहून जास्त उशीर तर सरळ नाकारला गेला. म्हणजे शेतकऱ्याने उशीर केला तर त्याची किंमत शेतकरी भरतो. सरकारने केला तर कोण भरतं? अधिकारी नाही, वकील नाही, खातं नाही. व्याज तिजोरी भरते आणि वर्षं शेतकरी भरतो.

मला विचाराल तर कायदा फार बदलायची गरज नाही. निकाल लागतो तेव्हा सरकारी वकील कोर्टात उभा असतो, निकाल ई-कोर्ट्सवर चढतो, तो आमचे आप्पा माझ्याकरवी बघू शकतात तर मंत्रालय बघू शकतंच. त्या दिवशी घड्याळ सुरू करा. ३० दिवसांत कुणीतरी, स्वतःच्या नावाने आणि सहीने, 'अपील करायचं' किंवा 'पैसे द्यायचे' यातलं एक लिहायचं. काहीच लिहिलं नाही तर 'पैसे द्यायचे' असं धरायचं. आत्ता उलटं आहे, काहीच न करणं म्हणजे आपोआप 'लढायचं'. 'पैसे द्या' लिहिणाऱ्याला, त्याने कारण नोंदवलं असेल तर, ऑडिटपासून संरक्षण द्या. ९० दिवसांनंतर आलेल्या अपिलात कोर्टाने आधी पूर्ण रक्कम भरायला लावावी आणि शेतकऱ्याला ती विनातारण उचलू द्यावी, मग उशीर माफ करायचा की नाही यावर हवी तितकी वर्षं युक्तिवाद करा. आणि मुदत संपल्यानंतरच्या प्रत्येक दिवसाचं व्याज त्या खात्याच्या वेगळ्या हिशोबात दाखवा, कुणाच्या टेबलावर किती दिवस फाईल होती या तक्त्यासकट. तक्ता करायला मी तयार आहे. फुकट करून देईन, एका शनिवार-रविवारचं काम आहे. फाईल आल्याची आणि गेल्याची तारीख प्रत्येक टेबलावरच्या आवक-जावक रजिस्टरमध्ये आधीच लिहिलेली असते.